तिंट्यावर बसलेली मुले नेमके काय करत असतात?

संध्याकाळी साडेसहाच्या सुमारास गोव्यातल्या कुठल्याही मोठ्या गावाच्या तिंट्यावर, म्हणजे रस्ते मिळतात त्या नाक्यावर जा. पसऱ्याच्या, म्हणजे दुकानाच्या पायरीवर, बसथांब्याच्या कट्ट्यावर, उभ्या स्कूटरींना टेकून चौदा ते अठरा वयाचे सहा-आठ मुलगे हमखास दिसतील. एकाच्या मोबाईलमध्ये चौघे डोकावत असतात, कुणाची तरी खेचणे चालू असते, मधूनच मोठा हशा पिकतो. भाजीची पिशवी घेऊन निघालेले एखादे काका थबकतात, “अभ्यास ना रे तुमकां?” म्हणतात आणि पुढे जातात. मुले क्षणभर गप्प होतात, मग पुन्हा तेच.

काकांना काळजी वाटते, त्यात खोटे काही नाही. पण ही मुले काहीच करत नाहीत, नुसता वेळ दवडतात, ही त्यामागची समजूत तपासून पाहायला हवी. माझे म्हणणे असे, की ती मोठे होण्याचे काम करत असतात. त्या कामाचा बराचसा भाग घरात किंवा वर्गात होऊच शकत नाही. त्यासाठी चारचौघांत असलेली जागा लागते, आणि आपण ती फारशी ठेवलेली नाही. मुलींसाठी तर जवळजवळ नाहीच.

मेंदूत काय चाललेले असते

जागतिक आरोग्य संघटना १० ते १९ ही वर्षे किशोरवयाची मानते. या काळात मेंदूचे सगळे भाग एकाच गतीने वाढत नाहीत. आनंदाची, नावीन्याची, कौतुकाची ओढ लावणारी यंत्रणा वयात येतानाच जोमाने कामाला लागते. पुढचा विचार करून स्वतःला आवरणारा, कपाळामागचा भाग मात्र विशीच्या मध्यापर्यंत घडत राहतो. या वर्षांत सर्वांत हवेसे वाटते ते बरोबरीच्यांनी आपल्याला आपल्यातला मानणे. आईने केलेले कौतुक आवडतेच, पण मित्राच्या एका शब्दाने दिवस उजळतो किंवा काळवंडतो. हे मनाचे हलकेपण नव्हे. पुढचे सगळे आयुष्य ज्या पिढीबरोबर काढायचे, तिच्यात आपली जागा शोधणे हे या वयाचे कामच आहे.

मित्रांचा प्रभाव किती असतो, याचा एक चांगला प्रयोग २००५ मध्ये अमेरिकेतल्या मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी प्रसिद्ध केला. ३०६ जणांना त्यांनी गाडी चालवण्याचा एक संगणकीय खेळ खेळायला लावला. पिवळा दिवा लागल्यावरही गाडी जितकी पुढे न्याल तितके गुण जास्त, पण अपघात झाला तर सगळे गेले. काही जण एकटे खेळले, काही जण ओळखीचे सवंगडी बघत असताना. चोविशीच्या पुढच्यांना कुणी बघत असल्याने विशेष फरक पडला नाही. तेरा ते सोळा वयाच्या मुलांनी मात्र मित्रांसमोर एकटे असतानापेक्षा कितीतरी जास्त धोका पत्करला. ‘चार जण जमले की वाह्यातपणा करतात’ या घरोघरच्या अनुभवाला अशी पुष्टी आहे.

पण याच संशोधकांच्या गटाने पुढे केलेले काम आपल्याकडे फारसे सांगितले जात नाही. २०१६ मध्ये त्यांनी १८ ते २२ वयाच्या तरुणांचे गट पाहिले. चौघेही एकाच वयाचे असले की त्यांचे निर्णय उतावीळ होत. त्या चौघांत एक जण पंचवीस ते तीस वयाचा असला, तर तो उतावीळपणा ओसरे. म्हणजे नुसते एकत्र जमणे हा धोका नाही. धोका वाढतो तो सगळे एकाच वयाचे असून आजूबाजूला थोडा मोठा, पण बाप नव्हे असा कुणीच नसतो तेव्हा. त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका अभ्यासात असेही दिसले, की मित्रांच्या सोबतीत या वयातली मुले नवे करून बघतात आणि चुकल्याचे लवकर ओळखतात. जी ओढ धाडसाकडे नेते, तीच शिकण्याकडेही नेते.

नरकासुर बांधताना

हे वाचताना गोव्यातल्या माणसाला नरकासुर आठवला नाही तरच नवल. या राक्षसाचा मोठा पुतळा उभारायला दिवाळीच्या आधी दोन-तीन आठवडे वाड्यावाड्यांवर मुले जमू लागतात. सांगाडा कुणी बांधायचा, गवत कुठून आणायचे, कागद चिकटवायचा, मुखवटा घरी करायचा की विकत आणायचा, वर्गणी कुणाच्या दारी आधी मागायची, यावर तासन्‌तास खल चालतो. दहा-बारा वर्षांची पोरे खळ ढवळतात, सोळाची वर चढतात, पंचविशीचा दादा वेल्डिंग करतो आणि विजेच्या तारेला कुणी हात लावू नये म्हणून ओरडतो. नरकचतुर्दशीच्या पहाटे नरकासुर जाळला जातो, तेव्हा रात्रभर जागलेली सगळी मंडळी एकमेकांना वर्षभरापेक्षा जास्त ओळखू लागलेली असते.

हल्ली नरकासुराबद्दलच्या तक्रारी खऱ्या आहेत. कानठळ्या बसवणारे संगीत, स्पर्धेच्या बक्षिसांमागे धावणे, रस्त्यावर सांडलेले जळके लोखंड आणि राख, हे मलाही पटत नाही. ध्वनिप्रदूषणाच्या नियमांनुसार रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत उघड्यावर ध्वनिवर्धकाला बंदी आहे, आणि सणासाठी सवलत मिळाली तरी तिला मर्यादा असते. पण त्या तक्रारींच्या भरात नरकासुर बांधणेच नकोसे वाटू लागले, तर आपण बरेच गमावू. वेगवेगळ्या वयांची मुले, उघड्यावर, सगळ्यांच्या नजरेसमोर, स्वतः ठरवलेल्या कामात इतके दिवस एकत्र असण्याची दुसरी सोय वर्षभरात सहसा नसते.

जुन्या गोव्याने अशा संधी बऱ्याच ठेवल्या होत्या. माशेलला देवकीकृष्णाच्या मंदिरासमोर आषाढातला चिखलकाला होतो, त्यात पोरेटोरे मोठ्यांच्या बरोबरीने चिखलात लोळतात. शिगम्याच्या, म्हणजे होळीच्या दिवसांतल्या मेळात घुमट हे मातीचे वाद्य वाजवणारा पोरगा शेजारच्या बाप्याच्या हाताकडे बघून ताल धरतो. देवळातल्या उत्सवी नाटकाच्या तालमीत शाळकरी मुलगा प्रॉम्प्टिंगपासून सुरुवात करतो. या सगळ्यांत मुलांना एक मान असतो. गावाला त्यांची गरज असते. अडचण एवढीच, की सण चार दिवसांचा आणि वर्ष तीनशे पासष्ट दिवसांचे.

उरलेल्या दिवसांचे काय

आपल्याकडच्या बहुतेक शाळा सकाळी आठच्या सुमारास भरतात आणि दुपारी दीडला सुटतात. पुढे जेवण, मग शिकवणी. शिकवणीवरून निघाल्यावर आणि घरी पोहोचण्याआधी जो एक-दीड तास उरतो, तोच तिंट्यावर दिसतो. तो संध्याकाळीच का, यालाही शरीराचे कारण आहे. या वयात झोप आणणारे संप्रेरक रात्री उशिरा स्रवू लागते, त्यामुळे दिवस मावळताना मोठ्यांना थकवा येतो तेव्हा मुलांना तरतरी वाटते.

मग घरी का नाही जमत? पूर्वीच्या घरांना सोपा होता, राजांगण होते, ख्रिस्ती घरांना रस्त्याकडे तोंड केलेला बल्कांव, म्हणजे बसायची ओसरी होती. मित्र आला तर तो घरात नसे आणि बाहेरही नसे. आई स्वयंपाकघरातून अर्धे ऐकत असे आणि अर्धे सोडून देत असे. २०११ च्या जनगणनेत गोव्याची ६२ टक्के लोकसंख्या शहरी निघाली, म्हणजे देशातल्या राज्यांमध्ये सर्वाधिक. दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये सहा मुले बसली, की आजोबांना टीव्ही बंद करावा लागतो. मुलांनाही मोकळेपणाने बोलता येत नाही.

मैदाने होती, काही आहेत. भातकापणी झाली की शेतेच फुटबॉलची आणि क्रिकेटची मैदाने होत, पावसापर्यंत. आता कितीतरी ठिकाणी ती शेते भरून इमारती आल्या. उरलेल्या मैदानांना कुंपणे पडली, वेळा लागल्या, संघाचे सदस्यत्व लागले. शिवाय मैदान खेळणाऱ्यांचे. ज्याला नुसते बसायचे आहे, बोलायचे आहे, त्याची तिथे सोय नाही. पणजीच्या मुलांना मिरामार आहे, कांपालचा नदीकाठ आहे, चर्चसमोरची बाग आहे. मडगावात पालिकेसमोरची बाग आहे. डिचोली, वाळपई, पेडणे, केपे इथल्या आडगावच्या मुलाने कुठे जायचे? चार जणांनी कॅफेत बसायचे तर चौघांच्या खिशात पैसे हवेत. पाऊस सुरू झाला, की हा प्रश्न आणखी टोकाचा होतो. वर्षाला सरासरी तीन हजार मिलिमीटर पाऊस, तोही बहुतेक चार महिन्यांत. छप्पर असलेली आणि पैसे न मागणारी जागा म्हणजे बसथांबा. म्हणून ती तिथे असतात.

तिथे ती काय शिकतात, हे जरा जवळून बघण्यासारखे आहे. वर्गात नियम शिक्षक करतात, घरात आई-वडील. इथे सहा जणांनी मिळून ठरवायचे असते. भज्यांच्या प्लेटचे पैसे आज कुणी द्यायचे, आणि ज्याच्याकडे कधीच नसतात त्याला तसे जाणवू न देता त्याचा वाटा कसा उचलायचा. थट्टा कुठवर ताणायची आणि समोरच्याचा चेहरा उतरला की कशी थांबवायची. सगळे ‘हो’ म्हणत असताना आपण ‘नाही’ म्हटले तर काय होते. पुढे आलेली सिगारेट मैत्री न मोडता कशी नाकारायची. भांडण झालेल्या दोघांना दुसऱ्या दिवशी पुन्हा त्याच कट्ट्यावर यावे लागते, कारण दुसरा कट्टा नाही. तिथे माफी न मागता माफी मागण्याची कला येते. आणि आजूबाजूला जग चालू असते. रस्ता विचारणारा पर्यटक, तर्र होऊन बडबडणारा म्हातारा, बसमधून उतरताना जड टोपली उचलायला हात मागणारी मासेवाली, हिशोबावरून कंडक्टरशी वाद घालणारी बाई. आपण न निवडलेल्या माणसांत कसे वावरायचे, हे असेच कळते.

मोबाईलवर हे सगळे होत नाही का? थोडे होते, आणि मुलांना त्याचा आधारही वाटतो. पण ग्रुपमध्ये लिहिलेला टोमणा पुसला जात नाही, त्याचा फोटो काढून तो दहा जणांना जातो, आणि समोरच्याचा उतरलेला चेहरा दिसत नाही. ‘सारखी मोबाईलमध्ये असतात’ आणि ‘सारखी बाहेर असतात’ या दोन तक्रारी एकाच घरात ऐकू येतात, तेव्हा मला मुलांची कणव येते.

मुली कुठे आहेत?

सुरुवातीला मी सहा-आठ मुलगे असे लिहिले. मुली तिंट्यावर दिसत नाहीत असे नाही. दिसतात, पण चालताना. शिकवणीला, पसऱ्यावर दूध आणायला, देवळात, क्लासला. त्यांच्या हातात पिशवी किंवा वही असते, पायांना गती असते. थांबायला कारण लागते. मुलगा नुसता उभा राहिला तर तो ‘वेळ घालवतो’, मुलगी उभी राहिली तर संध्याकाळपर्यंत घरी कळते. मुलींनाही हे सारे शिकायचे असते, किंबहुना चारचौघांत न बिचकता वावरणे त्यांना जास्त लागते. ते त्यांनी कुठे शिकायचे?

परंपरेने त्यांनाही काही दिले होते. पौषातल्या थंडीत मांडावर, म्हणजे वाड्यावरच्या ठरलेल्या अंगणात धालो हे बायकांचे नाच-गाणे रंगते, तेव्हा रात्र बायकांची असते. दोन रांगांत हात गुंफून आज्या, सुना, मुली समोरासमोर नाचतात, आणि त्या वेळी मांडाभोवती पुरुषांना स्थान नसते. चवथीच्या, म्हणजे गणेशोत्सवाच्या दिवसांत फुगड्या असतात. म्हणजे मुलींनी रात्री घराबाहेर, एकत्र, मोठ्याने हसत-गात असणे आपल्या संस्कृतीला अजिबात परके नाही. ते ठरलेल्या दिवसांपुरते राहिले, एवढेच.

ऑस्ट्रियाच्या व्हिएन्ना शहरात १९९०च्या दशकात सार्वजनिक बागांची पाहणी झाली, तेव्हा दहाएक वर्षांच्या झाल्या की मुली बागांतून दिसेनाशा होतात आणि मुलगे येतच राहतात, असे आढळले. कारण शोधताना मुलींच्या स्वभावाकडे बोट दाखवण्याऐवजी शहराने बागेची रचना पाहिली. एकच मोठी मोकळी जागा असली, की ती मोठे मुलगे व्यापतात, आणि मुली जागेसाठी भांडत बसत नाहीत, निघून जातात. मग एका भागातल्या बागा बदलल्या गेल्या. मोकळ्या जागेचे लहान-लहान भाग केले, वाटा रुंद केल्या, दिवे वाढवले, फुटबॉलशिवाय दुसरे खेळ आणि गटाने बसता येईल अशा जागा केल्या. मुली परतल्या, आणि मुलग्यांना हाकलावे लागले नाही.

आपल्या तिंट्यांकडे या नजरेने बघा. बाक असतो तो बहुधा बारच्या किंवा पानाच्या गाड्याच्या समोर. दिवा असतो तो वडाच्या पलीकडे. स्वच्छतागृह नसते, किंवा त्याला कुलूप असते. आणि बस. ग्रामीण मार्गांवर संध्याकाळी सात-साडेसातनंतर बस विरळ होत जातात. कितीही सुधारलेल्या घरातल्या मुलीची संध्याकाळ त्या शेवटच्या बसशी बांधलेली असते. घरच्यांची परवानगी नंतर येते. आधी घरी परतायची सोय लागते. मुलगा मित्राच्या स्कूटरवर मागे बसून येतो, आणि ती स्कूटर चालवणाऱ्याकडे परवाना असतोच असे नाही.

कायदा काय म्हणतो

सार्वजनिक जागी शांतपणे बसणे, उभे राहणे, बोलणे हा गुन्हा नाही. संविधानाच्या १९ व्या कलमाने नागरिकांना शांततेने आणि शस्त्राविना एकत्र जमण्याचा हक्क दिला आहे, आणि त्याला अठरा वर्षांची अट नाही. संयुक्त राष्ट्रांचा बालहक्क करार भारताने १९९२ मध्ये स्वीकारला. त्यात मुलांच्या एकत्र येण्याच्या हक्कासाठी एक स्वतंत्र कलम आहे आणि विश्रांती व खेळासाठी दुसरे. जमावबंदीचा आदेश असला तर गोष्ट वेगळी, पण तो विशिष्ट कारणाने, ठरावीक काळापुरता निघतो.

पोलिसांनी हटकले तर? नाव-गाव विचारणे, गोंधळ होत असेल तर पांगायला सांगणे हे त्यांचे काम आहे. मात्र अठरा वर्षांखालच्या मुलाला ताब्यात घेतले तर २०१५ च्या बालन्याय कायद्यानुसार त्याला पोलीस कोठडीत ठेवता येत नाही, पालकांना कळवावे लागते आणि २४ तासांच्या आत बालन्याय मंडळापुढे उभे करावे लागते. बेड्या घालता येत नाहीत. हे मुलांना आणि त्यांच्या आई-वडिलांना माहीत असलेले बरे, म्हणजे उगाच घाबरगुंडी उडत नाही.

काही गोष्टींना मात्र खरोखर बंदी आहे, आणि ती मला योग्य वाटते. अठराच्या आतल्यांना तंबाखू विकता येत नाही, शाळेपासून शंभर यार्डांच्या आत तर कुणालाच नाही. गोव्यात एकवीस वर्षांखालच्यांना दारू विकता येत नाही. गिअरच्या दुचाकीचा परवाना अठराव्या वर्षी मिळतो. सोळाव्या वर्षी मिळतो तो ५० सीसीपर्यंतच्या, बिनगिअरच्या गाडीसाठी. आज घरोघरी असलेल्या स्कूटरी त्यात बसत नाहीत. अल्पवयीन मुलाने गाडी चालवताना गुन्हा केला, तर २०१९ च्या दुरुस्तीनंतर पालकाला किंवा गाडीच्या मालकाला २५ हजार रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. ‘जवळच जायचे आहे’ म्हणून किल्ली देणाऱ्यांनी हे नीट वाचावे.

हाकलले की कुठे जातात

पसरेकाराने पायरीवर पाणी ओतले, पंचायतीने थांब्यावरचा बाक काढला, तरी मुले घरी जात नाहीत. ती पुढे सरकतात. अर्धवट बांधलेल्या इमारतीत, डोंगराच्या माथ्यावर, पावसाळ्यात पाण्याने भरलेल्या, सोडून दिलेल्या चिरेखाणींच्या, म्हणजे जांभा दगडाच्या खाणींच्या काठावर. त्या खाणींना उतार नसतो, कडा उभ्या असतात, पाण्याची खोली दिसत नाही, आणि पोहणारा दमला तर पाय टेकायला जागा नसते. तिथे मुले बुडाल्याच्या बातम्या आपण वाचतो. तिंट्यावर त्यांना बघणारे पंधरा डोळे असतात. खाणीवर फक्त एकमेकांचे, सगळे एकाच वयाचे. २००५ च्या त्या प्रयोगातली परिस्थिती आपण आपल्या हातांनी तयार करून देतो.

म्हणून मुलांना जागा द्यायची ती आडोशाला, गावाबाहेर, ‘कुणाला त्रास नको’ अशी देऊन उपयोग नाही. येणे-जाणे असलेल्या वाटेवरच ती हवी. पसऱ्याच्या दारात नको, पण पसऱ्यातून दिसेल अशी. छप्पर हवे. समोरासमोर बसता येतील असे बाक हवेत. एका रांगेत रस्त्याकडे तोंड करून बसवले, की येणाऱ्या-जाणाऱ्यांकडे बघत बसण्याशिवाय काही उरत नाही. एकाऐवजी दोन-तीन लहान जागा असल्या तर मुलींनाही त्यातली एक आपली म्हणता येईल. दिवा, पिण्याचे पाणी, उघडे असलेले स्वच्छतागृह. मडगाव, कुडचडे, साखळी, बायणा इथल्या रवींद्र भवन या सरकारी नाट्यगृहांच्या आवारात यातले बरेच आधीच आहे. तिथे कार्यक्रम नसलेल्या संध्याकाळी मुलांना बसू दिले तर नवे काही बांधावे लागणार नाही. अनेक देवळांच्या अग्रशाळा, म्हणजे भाविकांसाठीच्या धर्मशाळा, वर्षातले कितीतरी दिवस रिकाम्या असतात. आणि जिथे फुटबॉलचा संघ, भजनी मंडळ किंवा नाटकाचा गट आहे, तिथल्या पंचविशीतल्या दोघा-तिघांनी अधूनमधून येऊन नुसते बसावे. उपदेश करायची गरज नाही.

गोव्यात १९१ ग्रामपंचायती आहेत आणि ग्रामसभेत मत असते ते मतदारयादीत नाव असलेल्यांना. ज्यांच्यासाठी हा बाक आणि हा दिवा आहे, त्यांना तिथे आवाज नाही. तेव्हा पुढच्या ग्रामसभेला जाण्याआधी घरातल्या सोळा वर्षांच्या मुलाला विचारा, आणि त्याहून आधी मुलीला: दिवा नेमका कुठे हवा, कुठल्या कोपऱ्यावर थांबायला नको वाटते, शेवटची बस किती वाजता असली तर पुरेल. उत्तरे कागदावर लिहून घ्या आणि सभेत तीच वाचून दाखवा.